फळीवरचे एकोणीस सेकंद

वडगाव, बेळगाव
रविवार, १४ एप्रिल २०२४

नीलम,

वर आशीर्वाद लिहिलेला नाही. विसरलो असं समजू नकोस. आठ वर्षांनी लिहितोय, तेही तुझ्या आईनं अट घातली म्हणून. ती समोर खाटेवर बसलीय आणि माझं पेन चालतंय की नाही यावर तिचं लक्ष आहे. काय लिहिलं ते वाचायला मागणार नाही, एवढं तिनं कबूल केलंय.

पाडव्याच्या आधी आठ दिवस तिला सकाळी उठताना घेरी आली. गॅसच्या कट्ट्याला धरून खाली बसली ती उठेना. ओकाऱ्या सुरू झाल्या. चार दिवस दवाखान्यात ठेवलं. डॉक्टर म्हणाले, डाव्या कानाच्या आत तोल सांभाळणारी नस असते, ती सुजून निकामी झाली. ऐकू येतं, दिसतं, हातापायांत जोर आहे. फक्त उभं राहिलं की घर फिरतं. औषधानं ओकाऱ्या थांबतात, तोल मात्र व्यायामानंच येणार. दोन-तीन महिन्यांत मेंदू एका कानावर भागवायला शिकतो म्हणे.

व्यायामासाठी रोज दवाखान्यात बोलावलं होतं. ऑटोतून नेलं की येताना तिची अवस्था जातानापेक्षा वाईट. तिसऱ्या दिवशी मी ते बंद केलं. मग तिथल्या बाईंनी व्यायामाचा कागद दिला. त्यावर सहा चित्रं आहेत आणि खाली मजकूर सगळा कानडी. मराठीत आहे का विचारलं तर नाही म्हणाल्या. मी लाकडाच्या वखारीत कानडी बोलतो, पण वाचत नाही आणि ह्या वयात वाचणार नाही. त्या पायी तरुणपणी मोर्चात काठ्या खाल्ल्यात. चाळीस वर्षं हातमाग जुळवले, नंतर पॉवरलूमची लाकडी कामं केली. चित्र बघून वस्तू करणं मला नवीन नाही.

तुझी आई म्हणाली, "शेजारी आण्णाप्पाला दावूया की. त्यो वाचून सांगंल." मी म्हणालो, त्यापेक्षा कागद जाळ. आण्णाप्पाच्या भाच्याचा, त्या बसवराजचा हात धरून तू गेलीस, त्याच्याच घरात तुमची ओळख झाली. त्याच्याशी मी बोलत नाही ते का, हे तुला सांगायला नको. गल्लीतली अक्काताई असती तर बाईमाणसाला बाईमाणूस झालं असतं, पण ती निपाणीला थोरल्या लेकाकडं गेलीय ती जूनपर्यंत येत नाही.

तर अट अशी. "नीलूला कळवा. दर आयतवारी एक पत्र लिवा. मग तुमी सांगशीला त्यो व्यायाम करीन." तुझा धारवाडचा पत्ता तिनं तोंडपाठ सांगितला. तिला कुठून मिळाला ते मी विचारलं नाही.

तू येऊ नकोस, तशी गरज नाही.

परशराम

*

वडगाव
रविवार, २८ एप्रिल २०२४

नीलम,

आधीची दोन पत्रं तुला मिळाली नाहीत, कारण मी ती पोस्टात टाकलीच नाहीत. आईला मात्र टाकली म्हणून सांगितलं. हत्यारांच्या पेटीत रंध्याखाली ठेवलीत. हेही तिथंच जाईल, त्यामुळे मोकळेपणानं लिहायला हरकत नाही. ती समोर बसते तेव्हा काहीतरी लिहावंच लागतं.

सामान झकास झालंय. मोडीत काढलेल्या हातमागाचा एक खांब होता. त्याची सहा फुटांची फळी काढली, चार बोटं रुंद, जमिनीपासून दोन बोटं उंच. तिच्यावरून टाचेला चवडा लावत चालायचं. सुताची गुंतवळ पोत्यात ठासून गादी केली, उभं राहिलं की पाय रुततो. रिकाम्या बॉबिन वीतवीतभर अंतरावर मांडल्यात, त्या ओलांडत जायचं. आणि कागदात नसलेली एक गोष्ट माझ्या डोक्यातली आहे. आढ्याला ओळंबा टांगलाय. चालताना नजर त्याच्या दोरीवर ठेवायची. घर वाकडं असेल, मी वाकडा असेन, ओळंबा कधी वाकडा नसतो.

माग काढल्यापासून ती खोली रिकामीच होती. आता तिथं रोज सकाळी सात ते आठ आमची तालीम चालते. पहिल्या दिवशी ती दोन पावलांत खाली उतरली. आज सातव्या पावलापर्यंत गेली. पण सारखं एकच धरून बसते.

"अवो, भितीपाशी मांडा की फळी."

"भितीला धरून चाललीस तर भितीचा तोल सुधारंल, तुझा न्हाय."

हसली. लई दिवसांनी हसली. पण मी ते गमतीनं म्हटलं नव्हतं. तुला सायकल शिकवली ते आठवतं का? वडगावच्या शाळेच्या मैदानात आठ दिवस मी सीट धरून पळालो आणि तू आठ दिवस वाकडीच चालवलीस. नवव्या दिवशी न सांगता हात सोडला आणि तू सरळ निघालीस. तोल धरून येत नाही, सोडल्यावर येतो. हे मला त्या मैदानात कळलं.

तेव्हा तू किती लांब जाशील याचा विचार केला नव्हता.

परशराम

*

वडगाव
रविवार, १९ मे २०२४

नीलम,

डुलती फळी तयार झाली. कागदातलं पाचवं चित्र. मागावर विणलेलं कापड ज्याच्यावर गुंडाळतात तो शिसवी गोल दांडा माझ्याकडं पडून होता. त्याचा हातभर तुकडा उभा चिरला, गोल बाजू खाली ठेवली आणि वर दीड फुटाची फळी बसवली. दोन्ही पाय ठेवून उभं राहिलं की मागं-पुढं डुलते. मी स्वतः चढून बघितलं. अर्धा मिनिट आरामात राहिलो. माझा तोल चांगला आहे.

ती पहिल्या दिवशी चार सेकंद राहिली. आज अकरा. मी समोर तीन हातांवर मनगटातलं घड्याळ काढून उभा राहतो आणि मोठ्यानं मोजतो. मोजलं की तिला जोर येतो. ती रोज म्हणते, "धरा की मला," आणि मी रोज म्हणतो, "धरलं तर सेकंद कुणाचे मोजू, तुझे का माझे?" भित्री झालीय. आजारानं माणूस भित्रं होतं.

व्यायामाचा कागद खोलीच्या भिंतीला चिकटवलाय. हल्ली ती दमली की त्याच्यापुढं खुर्ची घेऊन बसते आणि ओठ हलवते. काय करतेस विचारलं तर म्हणाली, "चित्रं बगतो न्हवं." मी म्हटलं, बघ. चित्रांनीच बरी होणार आहेस.

परवा जरा वाजलं. म्हणाली, मंगाईच्या जत्रेपर्यंत मला नीट उभं राहता आलं पाहिजे. आषाढातला मंगळवार, वडगावची गर्दी, दोन-दोन तासांची रांग. मी म्हटलं, यंदा घरातूनच हात जोड. त्यावर ती जी रडायला लागली, मी चाळीस वर्षांत तिला तसं रडताना बघितलं नव्हतं. तू गेलीस तेव्हाही नाही. "एक साल चुकवलं न्हाय मी. एवढं एकच हाय माझं." मी देवळात जात नाही हे तुला माहीत आहे. जत्रेला ती आणि अक्काताई जातात, येताना हिरव्या बांगड्या भरून येतात, दोन दिवस तोंडावर उजेड असतो. देवीचा एवढा लळा तिला कधीपासून लागला ते मला माहीत नाही. पण तिचं ते रडणं बघून मी मनाशी ठरवलं की जत्रेला ही बाई स्वतःच्या पायांवर जाईल. मला तिच्याशिवाय आता कोण आहे, नीलम. ती बसून राहिली तर मीही बसेन.

आठ आठवडे आहेत. जमेल.

परशराम

*

वडगाव
रविवार, ९ जून २०२४

नीलम,

एकोणीस. आज एकोणीस सेकंद उभी राहिली, हात कंबरेवर, नजर ओळंब्यावर. मला टाळी वाजवावीशी वाटली, पण हातात घड्याळ होतं.

आता सहावं चित्र. त्यात बाई फळीवर आहे, डोळे मिटलेले, आणि तिच्या मागं एक पुरुष काढलाय. शिकवणारा असावा. मी पुढं उभा राहतो, एवढाच फरक. डोळे मिटून जमलं की मग गर्दीत धक्का लागला तरी माणूस हलत नाही. परवा मंगळवारपासून सुरू करू म्हटलं. ती भिंतीवरच्या कागदाकडं बघत म्हणाली, "आन थोडं दिस डोळं उघडं ठेवूनच करूया." मी म्हटलं, मग जत्रेला पुढच्या वर्षी जा. तयार झाली.

तुझं उत्तर आलं का, हे रोज विचारते. पोस्टाचं काय सांगावं, म्हणतो मी. आज म्हणाली, "ऱ्हाऊ दे. तिला सगळं म्हायती हाय न्हवं? मग जत्रंला ती..." जत्रेला काय, विचारलं तर म्हणाली, काय न्हाय, जत्रेला तिच्या नावानं वटी भरीन.

आज पहिल्यांदा वाटलं की ही सगळी पत्रं एकत्र पोस्टात टाकावीत. डोळे मिटून तिनं वीस मोजू दिले की टाकतो. तिला न सांगता. उत्तर आलं तर तिच्या हातात देईन.

परशराम

*

वडगाव
रविवार, ३० जून २०२४

नीलम,

तू आलीस, तीन दिवस राहिलीस, गेलीस. आण्णाप्पाच्या घरी राहिलीस त्याबद्दल माझं म्हणणं नाही. तुझी पोरगी आणली नाहीस ते बरं केलंस.

जाताना तू दारात थांबून विचारलंस, "आप्पा, आई दोन म्हैने आजारी हुती, मला कुणी का कळवलं न्हाय?" मी म्हणालो, वेळ मिळाला नाही. मग बसवराजनं गाडी सुरू केली.

दुसरं काही घडलं नाही. तुला दवाखान्यात सांगितलं तेच. न्हाणीत पाय घसरला, डोकं आपटलं, चौथ्या दिवशी गेली. डॉक्टरलाही हेच सांगितलंय.

परशराम

*

वडगाव
रविवार, ६ जुलै २०२५

नीलू,

सोबत आधीची सगळी पत्रं आहेत. तारखा बघून वाच. वाचताना माझा राग येईल, तो बरोबरच आहे. ज्या शेवटच्या पत्रात न्हाणीचं लिहिलंय ते खोटं आहे. ते लिहिताना मला टाकायचंच होतं, म्हणून खोटं लिहिलं. नंतर तेही टाकवलं नाही. आता खरं लिहितो.

११ जूनला, मंगळवारी सकाळी सव्वासातला ती डुलत्या फळीवर चढली. भिंतीपासून पाच हात लांब. भिंतीजवळ मांडा म्हणाली होती, मी खोलीच्या मध्ये मांडली. डोळे मिटायच्या आधी तिनं विचारलं, "हायसा न्हवं तुमी?" मी म्हणालो, "हाय, हाय. मीट डोळं." मी तीन हात पुढं होतो, घड्याळ घेऊन. मोजायला लागलो. दहापर्यंत ती खांबासारखी उभी होती. मला बरं वाटलं. अकरा, बारा, तेरा. ती मागं गेली. चौदा हा आकडा मी ती पडत असताना म्हणालो. तोंडातून निघून गेला. मागं मोडक्या मागाचा दगडी ठोकळा होता, तो मी कधी बाहेर काढला नव्हता. त्याचा कोपरा लागला.

आवाज ऐकून आण्णाप्पा आला. आठ वर्षांत पहिल्यांदा माझ्या घरात आला. त्यानंच तिला उचलून स्वतःच्या गाडीत घातलं. दवाखान्यात डॉक्टरनं विचारलं कसं झालं, मी न्हाणी म्हणालो. आण्णाप्पा शेजारी होता. त्यानं फळी बघितली होती. तो काही बोलला नाही.

वर्षभर मी स्वतःला सांगत राहिलो की कागदाप्रमाणं केलं, नशीब वाईट. तसं सांगत जगता येतं. गेल्या महिन्यात वर्षश्राद्ध झालं. लुगडी वाटायला तिची ट्रंक उघडली. तळाशी वर्तमानपत्राखाली दोनशे पानी वही होती. मला वाटलं, भजनांची असेल.

पहिल्या पानापासून कानडी. आधी सुटी अक्षरं, एकेक अक्षर पानभर गिरवलेलं, शाळेतल्या पोरांसारखं. मग शब्द. शब्दाखाली मराठीत अर्थ. एका पानावर एकच शब्द वीस वेळा लिहिलाय आणि खाली मराठीत "ऋतिका", तुझ्या पोरीचं नाव. मग तुझा पत्ता, दोन्ही लिपींत. मी वही घेऊन अक्काताईकडं गेलो. श्राद्धाचं जेवायला आली होती ती, परसात हात धूत होती.

"व्हय," म्हणाली. "दोन वर्सं शिकत हुती. माझ्या हितल्या धाकट्या सुनंकडनं शिकली."

"कशाला?"

"नातीला लिवायला कानडीच येतंय म्हणून. पोरगी जत्रंत तिच्या हातात चिठ्ठी देतीया न्हवं दर साली. ती वाचाय."

मी म्हणालो, कुठल्या जत्रेत. मग तिनं सगळं सांगितलं. देवळामागं बांगड्यांच्या दुकानांची रांग, तिच्या टोकाला तू दर वर्षी उभी असायचीस. ऋतिका झाली तेव्हा अंगावर घेऊन आलीस. तासभर तिघी बसायच्या, अक्काताई गल्लीच्या तोंडाशी लक्ष ठेवायची, मी चुकून आलो तर. हिरव्या बांगड्या तू भरायचीस. मी त्या बघून तिला चिडवायचो, देवीनं भरल्या काय गं. ती म्हणायची, व्हय.

"एवढं एकच हाय माझं" म्हणाली होती ती. मला वाटलं, देवीबद्दल बोलतेय.

आत येऊन वही पुढं बघितली. शेवटच्या लिहिलेल्या पानावर तारीख आहे, २१ मे २०२४. एक लांब कानडी वाक्य उतरवलंय, अक्षरं थरथरती, कारण तेव्हा तिला वाकून लिहिलं की गरगरायचं. खाली मराठीत तिच्या हातचं आहे:

"घरच्या माणसाने मागे उभे राहून दोन्ही हातांनी धरावे. धरल्याशिवाय फळीवर उभे करू नये."

कागद अजून भिंतीवर होता. मी वही त्याच्याजवळ नेली आणि एकेक अक्षराचा आकार जुळवत गेलो, लाकडाचा सांधा जुळवतात तसा. पाचव्या चित्राखालच्या ओळी आहेत त्या.

म्हणजे तीन आठवडे तिला माहीत होतं. रोज ती धरा म्हणायची ते भित्री म्हणून नव्हे. कागदात आहे म्हणून. पण कागदात आहे हे तिला म्हणता येईना. म्हणाली असती तर मी विचारलं असतं, तुला वाचता कसं येतंय, कुणी शिकवलं, कशासाठी. आणि ते कळलं असतं तर मी तिची जत्रा बंद केली असती. केली असती, नीलू. आज साळसूदपणे नाही म्हणणार नाही. तिला ते माझ्यापेक्षा चांगलं माहीत होतं. म्हणून गप्प राहिली आणि डोळे मिटून फळीवर चढली. कारण चार-पाच आठवड्यांवर जत्रा होती, तू तिथं उभी असणार होतीस, आणि तुझ्यापर्यंत आपल्या पायांनी जायचं होतं तिला. तिला वाटत होतं की तुला पत्रं मिळालीत आणि तू काळजीत असशील. पत्रं माझ्या रंध्याखाली होती.

त्या वर्षीच्या जत्रेला तू आली होतीस, हेही अक्काताईनं सांगितलं. सुतकाच्या वर्षात, देवळात न जाता, नुसती त्या दुकानापाशी येऊन उभी राहून गेलीस.

सायकलीची गोष्ट मी २८ एप्रिलच्या पत्रात मोठ्या तोऱ्यात लिहिलीय. अर्धीच लिहिलीय. नवव्या दिवशी मी हात सोडला हे खरं, पण सोडल्यावर मी मागून पळत होतो. मैदानाच्या टोकापर्यंत, दोन्ही हात पुढं करून. तुला ते माहीत नाही, कारण तू मागं बघितलं नाहीस. तुझ्या आईच्या वेळी मला ते पळणं आठवलं नाही, हात सोडल्याचंच तेवढं आठवलं.

काल आण्णाप्पाच्या दारात गेलो. सगळा कागद वाचून दाखव म्हणालो. त्यानं चष्मा लावला आणि वरपासून खालपर्यंत वाचला, एकेक ओळ कानडीत आणि मग मराठीत. वाचून झाल्यावर म्हणाला, "फळी मी त्या दिवशी बगितलतो, परशराम. पोरीला सांगितलं न्हाय."

"का न्हाय सांगितलंस?"

"ते तू सांगायचं हुतंस."

म्हणून सांगतोय. ह्यावर तू काय करायचं ते तुझं तू ठरव. पोलिसात सांगायचं असलं तरी सांग, मी नाकारणार नाही. माफी मागत नाही, ती द्यायला जी होती तिच्याकडं मागायची राहून गेली. ह्या पाकिटावरचा पत्ता मी तिच्या वहीतून बघून कानडीत लिहिलाय. दोन पाकिटं फुकट गेली, हे तिसरं. अक्षर वाकडं आहे, पण पोस्टमनला लागेल.

याच महिन्यात मंगळवारी जत्रा आहे. मी देवळामागं बांगड्यांच्या रांगेच्या टोकाला सकाळपासून उभा असेन. तू यावंस असं माझं म्हणणं नाही, आलीस तर बोलावंस असंही नाही. ऋतिकाला लांबून दाखवलंस तरी चालेल. तिची चिठ्ठी असली तर मला वाचायला वेळ लागेल, मी अजून पहिल्याच पानावर आहे.

तिथं गर्दी फार असते, पोरं ढकलली जातात. घड्याळ मी घरी ठेवून येतोय. माझे दोन्ही हात मोकळे असतील.

तुझा
आप्पा